मेदिनीपूरची माणसे युद्धातच मेली

लंडनच्या वेस्टमिन्स्टर अ‍ॅबेमध्ये सात जाड खंड जपून ठेवलेले आहेत. १९३९ ते १९४५ या काळात शत्रूच्या हल्ल्यांत ब्रिटनमधली जी साधी, बिनगणवेशाची माणसे मेली, त्या सुमारे ६७ हजार जणांची नावे या खंडांत लिहिलेली आहेत. कोण, किती वर्षांचा, राहणारा कुठला आणि मेला कुठे, एवढेच त्यात असते. पण तेवढ्याने घरात बसून चहा पिताना बॉम्बखाली गेलेली एखादी आजीबाई आघाडीवर पडलेल्या सैनिकाच्या शेजारी, युद्धाच्या हिशेबात, मानाने येऊन बसते. याच युद्धात, याच सम्राटाच्या प्रजेपैकी, बंगालमध्ये १९४३ च्या भुकेच्या संकटात जी माणसे मेली त्यांचा आकडासुद्धा आजपर्यंत एकमताने ठरलेला नाही. सर जॉन वुडहेड यांच्या चौकशी आयोगाने १९४५ साली तो सुमारे १५ लाख धरला. नंतरच्या अभ्यासकांनी तो २१ लाखांपासून ३० लाखांपर्यंत नेला. नुसत्या अंदाजांतल्या तफावतीतच पंधरा लाख माणसे मावतात, तिथे नावांची वही कोण ठेवणार? तरीही काही थोड्या जणांची नावे उरली आहेत, आणि ती उरण्याचे एक कारण असे की १९४३ च्या नोव्हेंबरात एक चित्रकार कागद आणि शाई घेऊन मेदिनीपूर जिल्ह्यात गावोगाव फिरला आणि ज्याचे चित्र काढले त्याचे नाव-गाव विचारून घेण्याची शिस्त त्याने पाळली.

त्या चित्रकाराचे, चित्तप्रसाद यांचे, काम आपल्याकडे ‘दुष्काळचित्रे’ म्हणून ओळखले जाते. मला या नावाविषयीच तक्रार आहे. ती युद्धचित्रे आहेत. युद्धकाळातल्या नागरी जीवनाचा भारतीय चित्रकाराने केलेला जो थोडा दस्तऐवज आपल्यापाशी आहे, त्यात त्यांची जागा अगदी वरची आहे. आणि जोवर आपण ती युद्धाच्या दालनात टांगत नाही, तोवर त्यांतली माणसे कशाने मेली याविषयी आपण अर्धवटच बोलत राहणार.

चित्तप्रसाद यांचा जन्म १९१५ सालचा, नैहाटीचा. वाढले मेदिनीपूर आणि चितगाव या भागांत. कलाशाळेची पदवी त्यांच्याजवळ नव्हती. जातीची खूण सांगणारे ‘भट्टाचार्य’ हे आडनाव होते, तेही त्यांनी टाकून दिले. चितगावच्या शेतकरी चळवळीत भित्तिपत्रके रंगवता रंगवता ते कम्युनिस्ट पक्षात आले. मेदिनीपूरच्या फेरीतून त्यांनी चित्रे आणि मजकूर मिळून ‘हंग्री बेंगॉल’ नावाची एक इंग्रजी पुस्तिका सिद्ध केली. तिच्या पाच हजार प्रती सरकारने जप्त करून जाळल्या, असे सांगितले जाते. घरच्यांनी बँकेच्या तिजोरीत सांभाळलेली एक प्रत वाचली आणि तिच्यावरून दिल्लीच्या एका खासगी कलादालनाने २०११ साली जशीच्या तशी प्रतिकृती काढली, म्हणून आज ती आपल्याला पाहता येते.

मूठभर पानांची पुस्तिका जाळण्याचे श्रम सरकार कशासाठी घेते, हा प्रश्न विचारण्याजोगा आहे. भूकबळींची दृश्ये तोवर गुप्त राहिली होती असे नाही. कलकत्त्याच्या ‘द स्टेट्समन’ या इंग्रजांच्याच वृत्तपत्राचे संपादक इयन स्टीफन्स यांनी २२ ऑगस्ट १९४३ च्या अंकात फुटपाथवरच्या मरणाऱ्या माणसांची छायाचित्रे छापली होती. सेन्सॉरच्या नियमांचा सारा रोख शब्दांवर होता, छायाचित्रांविषयी त्यांत काही म्हटलेले नव्हते, ही फट स्टीफन्स यांनी हेरली होती. म्हणजे नोव्हेंबरपर्यंत जगाला कलकत्त्याचे हाल कळलेले होते. पण त्या छायाचित्रांत शेवटचा अंक दिसत होता. खेड्यातून चालत आलेली, कोणाची कोण ठाऊक नसलेली, दारोदार ‘फॅन दाओ’ म्हणून भात नव्हे तर भातावरची ओतून टाकायची पेज मागणारी माणसे. ती आली कुठून आणि घराबाहेर पडण्याची पाळी त्यांच्यावर आणली कोणी, हे कलकत्त्याच्या फुटपाथवर उभे राहून दिसत नव्हते. चित्तप्रसाद माणसे निघाली त्या ठिकाणी गेले.

आणि ते ठिकाण मेदिनीपूर असणे हा योगायोग नव्हता. १९४२ च्या मार्चमध्ये रंगून जपान्यांच्या हाती पडले आणि ब्रह्मदेशाचा तांदूळ बंद झाला. शत्रू बंगालच्या किनाऱ्यावर उतरलाच तर त्याच्या हाती अन्न आणि वाहने लागू नयेत म्हणून सरकारने ‘वंचित करण्याचे’ धोरण आखले. मेदिनीपूर, बाकरगंज आणि खुलना या जिल्ह्यांतला ‘जादा’ ठरवलेला तांदूळ उचलण्यात आला, आणि किनारपट्टीच्या भागात दहा किंवा अधिक माणसे वाहून नेऊ शकणाऱ्या होड्या जप्त झाल्या, मोडल्या किंवा निकामी केल्या गेल्या. अशा होड्यांची संख्या चाळीस हजारांहून अधिक भरते. नकाशावर पाहणाऱ्या सेनाधिकाऱ्याला होडी म्हणजे शत्रूचे वाहन वाटले असेल. त्रिभुज प्रदेशातल्या माणसाला होडी म्हणजे बैलगाडी, नांगराकडे जाणारी वाट, मासेमारीचे साधन आणि कुंभाराला मडकी बाजारात नेण्याचा एकमेव मार्ग असते. कोकणातल्या खाडीकाठच्या वाचकाला हे वेगळे समजावून सांगायला नको.

त्यात १९४२ च्या ऑगस्टची चळवळ मेदिनीपुरात विशेष पेटली. २९ सप्टेंबरला तामलुकमध्ये मातंगिनी हाजरा गोळीबारात पडल्या. पुढे १७ डिसेंबरला तिथे ‘ताम्रलिप्त जातीय सरकार’ स्थापन झाले, जे १९४४ पर्यंत चालले. आपल्याकडच्या साताऱ्याच्या प्रतिसरकाराचे हे बंगाली भावंड म्हणायला हरकत नाही. या दोन तारखांच्या मधे, १६ ऑक्टोबरला, चक्रीवादळ आणि समुद्राची लाट या जिल्ह्यावर आली. सुमारे साडेचौदा हजार माणसे आणि जवळपास एक लाख नव्वद हजार गुरे मेली. आमन, म्हणजे हिवाळ्यात कापणीला येणाऱ्या, भाताचे उभे पीक गेले. शत्रूला कळू नये या सबबीखाली या वादळाची बातमी पंधरवडाभर दाबून ठेवण्यात आली. बंडखोर जिल्ह्याला मदत देण्यात सरकारने मुद्दाम चालढकल केल्याचा आरोप तेव्हाच झाला, आणि बंगालच्या मंत्रिमंडळातले श्यामाप्रसाद मुखर्जी यांनी नोव्हेंबरात राजीनामा देताना मेदिनीपूरच्या दडपशाहीचा उल्लेख केला.

हे इतके विस्ताराने सांगण्याचे कारण आपल्या भाषेतच आहे. मराठीत दुष्काळ ‘पडतो’. पाऊस पडतो, थंडी पडते, दरड पडते, तसा तो वरून कुठून तरी पडतो, आणि जो पडतो त्याला कर्ता नसतो. दुर्गादेवीच्या दुष्काळापासून १९७२ पर्यंतच्या आपल्या आठवणी कोरड्या आभाळाच्या आहेत, त्यामुळे बंगालच्या त्या वर्षासाठी हाच शब्द वापरला की वाचकाच्या मनात भेगाळलेली जमीन उभी राहते. पण मेदिनीपुरात जमीन भेगाळलेली नव्हती. बंगाली माणूस त्या वर्षाला ‘पञ्चाशेर मन्वंतर’ म्हणतो, म्हणजे बंगाली सन १३५० ची उलथापालथ. युग पालटणे असा अर्थ सुचवणारा तो शब्द निदान काही तरी घडवले गेल्याची जाण ठेवतो. खुद्द सरकारने तर कोणताच शब्द वापरला नाही. दुष्काळ जाहीर केला की त्या काळच्या दुष्काळसंहितेप्रमाणे कामे आणि अन्न देण्याची जबाबदारी सरकारवर येत असे, म्हणून बंगालमध्ये तो शेवटपर्यंत अधिकृतपणे जाहीर झालाच नाही.

यावर जाणकार वाचक आक्षेप घेईल की कारणे अनेक होती, आणि त्यांतली काही युद्धाशी संबंधित नव्हती. ते खरे आहे. वादळ युद्धाने आणले नाही. १९४२ च्या भातावर बुरशीचा रोग पडला, तोही युद्धाने आणला नाही. साठेबाजी करणारे व्यापारी देशी होते आणि प्रांतांनी एकमेकांची धान्यवाहतूक अडवली तीही आपल्याच माणसांच्या हातून. पण अमर्त्य सेन यांनी दाखवून दिले आहे की १९४३ सालचा बंगालमधला एकूण धान्यपुरवठा १९४१ पेक्षा कमी नव्हता, आणि १९४१ साली दुष्काळ नव्हता. घटली होती ती माणसाची तांदूळ विकत घेण्याची ताकद. कलकत्त्यात डिसेंबर १९४२ मध्ये मणाला १३-१४ रुपये असलेला तांदूळ पुढच्या मे महिन्यात ३० रुपयांच्या वर गेला. हा भाव कशाने चढला? लष्करी खर्च भागवण्यासाठी छापलेल्या नोटांनी, विमानतळांच्या आणि छावण्यांच्या बांधकामांवर ओतलेल्या पैशाने, आणि कलकत्त्याच्या गिरण्या, गोदी, रेल्वे, सरकारी कचेऱ्या यांतल्या ‘अत्यावश्यक’ कामगारांना स्वस्त धान्य आधी पुरवण्याच्या योजनेने. ज्यांच्या हातांची युद्धाला गरज होती त्यांना भात मिळाला. भूमिहीन मजूर, कोळी, भात कांडणाऱ्या बाया यांच्या हातांची युद्धाला गरज नव्हती. अशा विभागणीने मेलेल्या माणसाला युद्धबळी म्हणायचे नाही, तर त्या शब्दाचा अर्थ फक्त स्फोटकापुरता उरतो.

हाच मुद्दा चित्रांच्या बाजूने पाहायचा असेल तर त्याच साम्राज्यातल्या दुसऱ्या एका चित्रकाराकडे वळावे लागते. १९४० च्या सप्टेंबरात लंडनवर बॉम्बवर्षाव सुरू झाला आणि लोक भुयारी रेल्वेच्या स्थानकांत झोपायला जाऊ लागले. शिल्पकार हेन्री मूर एका रात्री बेल्साइझ पार्क स्थानकात अडकले आणि फलाटावर ओळीने निजलेल्या माणसांचे दृश्य त्यांच्या डोक्यात बसले. पुढे कित्येक महिने ते त्या भुयारांत जात राहिले. सरकारने नेमलेल्या युद्धचित्रकार सल्लागार समितीने ही चित्रे विकत घेतली. समितीचे अध्यक्ष नॅशनल गॅलरीचे संचालक केनेथ क्लार्क. गॅलरीतली जुनी अमोल चित्रे सुरक्षिततेसाठी वेल्समध्ये हलवलेली, आणि रिकाम्या भिंतींवर युद्धचित्रकारांची प्रदर्शने. चारशेच्या आसपास चित्रकारांकडून या समितीने कामे मिळवली. नागरिकांचे युद्धकालीन जगणे चित्रांत नोंदवण्यासाठी सरकारने पैसे मोजावेत ही कल्पना मला आजही फार सुसंस्कृत वाटते, हे आधी मान्य करतो.

मूर यांची ती रेखाटने मोठी आहेत, याविषयी माझ्या मनात शंका नाही; रेखाटनाचे सामर्थ्य एवढाच निकष लावला तर चित्तप्रसाद यांच्यापेक्षा ती सरस आहेत. मेणाच्या खडूवरून वाहून गेलेल्या जलरंगातून उठणारे ते देह एकाच वेळी झोपलेले आणि मेलेले वाटतात. पण त्यांना चेहरे जवळपास नाहीत, नावे तर नाहीतच. मूर भुयारात बसून चित्र काढत नसत. उघड्यावर निजलेल्या माणसांकडे टक लावून पाहणे त्यांना असभ्य वाटे, म्हणून ते आडोशाला जाऊन दोन शब्द टिपत आणि चित्र घरी येऊन काढत. या संकोचाचा मी आदर करतो. मात्र त्या संकोचाचा एक परिणाम झाला. सुरुवातीच्या दिवसांत स्थानकांचा निवारा म्हणून उपयोग करायला सरकारची मनाई होती. लोक तिकीट काढून आत शिरत आणि बाहेर यायला नकार देत. म्हणजे त्या फलाटांवरची झोप ही मुळात हुकूम मोडून मिळवलेली झोप होती. मूर यांच्या चित्रांत ती काळाच्या पलीकडची, पुरातन शिल्पांसारखी निश्चल माणसे झाली, आणि अशा माणसांना ‘राष्ट्राचे धैर्य’ असे शीर्षक द्यायला कोणत्याही सरकारला अडचण येत नाही. बिननावाचे दुःख सरकारच्या पचनी पडते.

चित्तप्रसाद यांच्या अनेक चित्रांच्या कडेला नाव, गाव, तारीख लिहिलेली असते आणि पुस्तिकेच्या मजकुरात त्या माणसाने सांगितलेली हकिगत येते: जमीन केव्हा गेली, भांडी केव्हा विकली, घरातले कोण आधी गेले. ही माहिती चित्राला जोडली की ते चित्र राहते आणि जबानीही होते. जबानीला साक्षीदार असतो, साक्षीदाराला गाव असते, गावात जाऊन खातरजमा करता येते. पाच हजार प्रती जाळण्यामागचे कारण मला इथे दिसते. काळ्या शाईतल्या हाडक्या देहांची भीती सरकारला वाटली असेल असे नाही. पत्त्याची वाटली असावी.

हाच फरक झैनुल आबेदिन यांच्याशी ताडून पाहता येतो. त्याच वर्षी, कलकत्त्याच्या सरकारी कलाशाळेत शिकवत असताना, त्यांनी स्वस्तातल्या बांधणीच्या कागदावर काळ्या शाईने रस्त्यावरची माणसे काढली. कावळे, कचराकुंडी, मेलेल्या आईला बिलगलेले मूल. कुंचल्याचा एकेक फटकारा असा की बघणाऱ्याने मान वळवावी. आज ती चित्रे बांगलादेशात राष्ट्रीय ठेवा मानली जातात, आणि योग्यच आहे. पण तीही फुटपाथचीच चित्रे आहेत, वाटेच्या शेवटाची. बांगलादेशाने निदान आपल्या चित्रकाराला राष्ट्रीय संग्रहालयात बसवले. आपण काय केले, त्याकडे येतोच.

त्याआधी दोन अवघड प्रश्न. पहिला प्रश्न मूर यांच्या संकोचातूनच निघतो. भुकेने अर्धमेल्या माणसाचे नाव लिहून त्याचे चित्र छापण्याचा अधिकार चित्रकाराला कोणी दिला? संमती मागावी तर ती देण्याइतके त्राण त्या माणसात कुठे होते? चित्रकाराच्या पिशवीत दोन वेळचा तांदूळ असेल तर त्याने आधी चित्र काढावे की चूल पेटवावी? या प्रश्नाचे निर्मळ उत्तर नाही, आणि ज्यांनी ज्यांनी अशा ठिकाणी कॅमेरा किंवा कागद नेला त्यांना तो आयुष्यभर पुरला असणार. माझे मत एवढेच आहे की नाव लिहिणे आणि चेहरा वापरणे यांत अंतर असते, आणि ते अंतर संभाषणाने पडते. छायाचित्राला क्षण पुरतो. रेखाटनाला समोर बसावे लागते, आणि समोर बसलेला माणूस बोलू लागतो. चित्तप्रसाद यांनी ते बोलणे टाकून दिले नाही. (सरकारनेही नावे लिहिलीच, ऑक्टोबर १९४३ मध्ये वटहुकूम काढून कलकत्त्याच्या रस्त्यांवरच्या निराधारांना उचलून शहराबाहेरच्या छावण्यांत पाठवले गेले. त्या यादीतले नाव माणसाला नजरेआड करण्यासाठी होते.)

दुसरा प्रश्न अधिक टोचणारा आहे. चित्तप्रसाद पक्षाचे चित्रकार होते. जर्मनीने सोव्हिएत संघावर हल्ला केल्यानंतर कम्युनिस्ट पक्षाने या युद्धाला ‘लोकयुद्ध’ ठरवले, १९४२ च्या जुलैत पक्षावरची बंदी उठली, आणि चले जाव चळवळीला पक्षाने पाठिंबा दिला नाही. ज्या मेदिनीपूरने त्या चळवळीत रक्त सांडले तिथेच पक्षाचा चित्रकार वही घेऊन गेला, यातला ताण साधा नाही. पक्षाची भूमिका साठेबाज आणि नोकरशाही यांना दोषी धरण्याची होती. युद्धालाच दोषी धरणे तिला परवडणारे नव्हते. तेव्हा मूर यांना सरकारचा आश्रय होता म्हणून नाक मुरडायचे आणि चित्तप्रसाद यांना पक्षाचा आश्रय होता हे विसरायचे, हा न्याय नव्हे.

मी ते विसरत नाही. उलट माझा युक्तिवाद तिथेच उभा आहे. आश्रयदाता नसलेला युद्धचित्रकार जवळपास सापडत नाही. कागद, प्रवास, छपाई यांना कोणी तरी पैसे देतोच. स्पॅनिश चित्रकार गोयाचे उदाहरण अपवादाचे म्हणून दिले जाते. नेपोलियनच्या स्पेनवरील युद्धाची त्याची ८२ चित्रे कोणाच्या मागणीवरून झाली नाहीत, त्यांत माद्रिदच्या १८११-१२ च्या भूकबळींची एक सलग मालिका आहे आणि एका चित्राखाली ‘मी हे पाहिले’ एवढेच लिहिले आहे. पण ती चित्रे प्रसिद्ध झाली १८६३ साली, गोयाच्या मृत्यूनंतर पस्तीस वर्षांनी. आश्रय नसल्याची किंमत ही अशी असते. तेव्हा प्रश्न आश्रयाच्या शुद्धतेचा ठेवण्यापेक्षा, चित्रातला तपशील आश्रयदात्याच्या भूमिकेबाहेर जातो की नाही, असा ठेवावा. चित्तप्रसाद यांच्या कागदावर एखाद्या शेतकऱ्याची जमीन, होडी, गुरे, भांडी क्रमाने जाताना दिसतात तेव्हा तो क्रम पक्षाच्या घोषणेत मावत नाही. पक्षाची ओळ पुढे बदलली, पक्ष आणि चित्तप्रसाद यांचे संबंधही १९४८ नंतर सैल होत गेले, आणि तरीही त्या चित्रांचा एकही शब्द मागे घ्यावा लागला नाही. घोषणेचे असे क्वचित होते.

महाराष्ट्राचा या सगळ्याशी संबंध दूरचा नाही. त्या वेळी पक्षाचे मुख्यालय मुंबईत होते. ‘पीपल्स वॉर’ हे साप्ताहिक मुंबईहून निघे आणि त्याची मराठी आवृत्ती ‘लोकयुद्ध’ या नावाने येई. पक्षाचे सरचिटणीस पूरणचंद जोशी यांनी छायाचित्रकार सुनील जाना यांना बरोबर घेऊन बंगालचा दौरा केला, आणि जाना यांची छायाचित्रे व चित्तप्रसाद यांची रेखाटने याच साप्ताहिकांतून लोकांपुढे गेली. रेखाटनांचा इथे एक व्यावहारिक फायदा होता, ज्याकडे कलासमीक्षक सहसा पाहत नाहीत. युद्धकाळातल्या हलक्या कागदावर छायाचित्राचा हाफटोन ब्लॉक काळवंडून जाई, तर जाड काळ्या रेषेचा लाइन ब्लॉक कसल्याही कागदावर स्पष्ट उठे. गिरणगावातल्या चाळीत चार जणांच्या हातून गेलेल्या अंकातही ती रेषा वाचता येत असणार. अण्णाभाऊ साठे यांनी ‘बंगालची हाक’ हा पोवाडा रचला तो याच काळात. बंगालमधल्या भुकेची बातमी मराठी कामगाराला डफ-तुणतुण्याच्या साथीने आणि काळ्या रेषेतून मिळाली, हे आपल्या सांस्कृतिक इतिहासातले एक चांगले पान आहे, आणि आपण ते फारसे उघडत नाही.

चित्तप्रसाद स्वतः नंतर मुंबईकरच झाले. १९४६ च्या नाविकांच्या बंडाची चित्रे त्यांनी काढली. पुढची सुमारे तीन दशके अंधेरीतल्या एका लहानशा जागेत लिनोचे ठसे कापत, मुलांसाठी कठपुतळ्यांचे खेळ करत काढली. १९७८ साली कलकत्त्यात वारले. तीस वर्षे आपल्या शहरात राहून गेलेल्या या माणसाची खूण त्या उपनगरात मला तरी कुठे आढळली नाही. अर्थात फलक लावणे हा आपल्याकडे विसरण्याचाच एक रुबाबदार प्रकार असतो, त्यामुळे फलकाची मागणी मी करणार नाही.

माझ्या मागण्या निराळ्या आहेत. शाळेच्या इतिहासात दुसरे महायुद्ध शिकवताना हिरोशिमा येते, लंडन येते, स्टालिनग्राड येते, आणि भारताचा भाग आला तर आझाद हिंद सेना आणि परदेशी लढलेले भारतीय सैनिक येतात. बंगाल १९४३ आलेच तर दुसऱ्या कुठल्या तरी प्रकरणात, शेतीच्या किंवा वसाहतवादाच्या आर्थिक परिणामांच्या खाली. ते युद्धाच्याच प्रकरणात यायला हवे, कारण भारताच्या भूमीवर त्या युद्धात मेलेल्यांपैकी बहुसंख्य माणसे तिथली आहेत. पुण्यात खडकीला राष्ट्रकुलाची युद्धस्मशानभूमी आहे. हिरवळ कापलेली, दगडांवर नावे कोरलेली, सैनिकांच्या मृत्यूला द्यावी तेवढी सगळी अदब असलेली. तिथे जाऊन आलेल्या माणसाला मेदिनीपूरचे नाव आठवण्याचे काहीच कारण नसते, आणि हा दोष त्या स्मशानभूमीचा नाही.

दुसरी मागणी चित्रांविषयी. चित्तप्रसाद यांच्या कामाचा मोठा भाग खासगी हातांनी गोळा केला, जपला आणि छापला. त्यांचे ऋण मान्य करावे लागेल. पण साक्षीपुरावा खासगी संग्रहात असणे आणि सार्वजनिक दप्तरात असणे यांत फरक आहे. संग्राहक एखादे चित्र विकू शकतो, पाच तुकड्यांत वाटू शकतो, आणि त्यात गैर काही नाही. मात्र एका जिल्ह्याची जबानी लिलावाच्या पाच गठ्ठ्यांत गेली की ती जबानी राहत नाही. निदान चांगल्या प्रतिमा, त्यांवरच्या लिखाणासकट, राष्ट्रीय अभिलेखागारात मेदिनीपूरच्या सरकारी कागदांशेजारी असायला हव्यात, म्हणजे संशोधकाला एकाच मेजावर होड्या मोजणारा कारकून आणि होडी गेलेला कोळी, दोघांचेही म्हणणे वाचता येईल.

आणि ही चित्रे कुठेही छापताना, पुस्तकात असोत की प्रदर्शनाच्या पत्रिकेवर, त्यांच्या कडा कापू नयेत. देखण्या मांडणीसाठी बाजूची हस्ताक्षरे गाळून मधला देह तेवढा ठेवण्याचा मोह होतो, कारण अक्षरे वाकडीतिकडी असतात आणि दुरून वाचता येत नाहीत. ती वाचता येत नसतील तर खाली मराठीत, बंगालीत, जिथे प्रदर्शन असेल तिथल्या भाषेत छापावीत: नाव, गाव, ठाणे, महिना, साल १९४३.